रोमन इजिप्त आणि त्याची राजधानी



रोमन साम्राज्याचा विषय आपल्या पाठ्यपुस्तकांत आला म्हणजे तो बहुधा चार-दोन ओळींत आटोपतो. ऑगस्टस, सीझर, क्लिओपात्रा अशी नावे येतात, एखादा सनावळीचा आकडा येतो आणि मुले तो पाठ करून मोकळी होतात. ह्या पुस्तिकेसाठी काही लिहावे असे सुचविण्यात आले तेव्हा मी ह्याच साम्राज्याचा एक प्रांत निवडला. त्याचे कारण असे की, ह्या प्रांताचा इतिहास आपणांस राजवाड्यांतून किंवा शिलालेखांतून जितका कळतो, त्याहून अधिक तो खेड्यापाड्यांतील चावडीच्या कागदांतून, करवसुलीच्या पावत्यांतून, मुलांच्या कित्त्यांतून आणि मास्तरांच्या अर्जांतून कळतो. खेड्यांतील शाळा हेच ज्यांचे कार्यक्षेत्र आहे, त्यांना हा इतिहास परका वाटू नये.

आरंभ एका मुलाच्या पत्राने करतो. ऑक्सिरिंकस नावाच्या नगरात, इसवी सनाच्या दुसऱ्या किंवा तिसऱ्या शतकात, थेऑन नावाचा एक मुलगा राहत होता. त्याच्या वडिलांचे नावही थेऑनच. वडील राजधानीस, म्हणजे अलेक्झांड्रियास गेले आणि मुलाला मागे ठेवून गेले. मुलाने रागाने पत्र लिहिले. त्याचा आशय असा : मला शहरात बरोबर नेले नाही हे फार छान केले! आता नेणार नसाल तर मी तुम्हांस पत्र लिहिणार नाही, बोलणार नाही, नमस्कारही करणार नाही. आणि बोलावणे पाठविले नाही तर मी जेवणार नाही, पाणीही पिणार नाही. पत्रात शुद्धलेखनाच्या चुका इतक्या आहेत की, कोणताही शिक्षक लाल शाईची दौत जवळ ओढील. परंतु ज्या शहरासाठी मुलगा अन्नपाणी सोडावयास निघाला, ते शहर केवढे असेल, ह्याची कल्पना त्या चुकांसकट चांगली येते.

हे शहर इजिप्शियन लोकांनी वसविलेले नव्हे. इ. स. पू. ३३१ मध्ये सिकंदराने, भूमध्य समुद्र आणि मॅरिओटिस सरोवर ह्यांच्यामधील चिंचोळ्या पट्टीवर ते वसविले. समोर फारोस नावाचे बेट होते. ते एका लांब बांधाने किनाऱ्यास जोडल्यामुळे दोन्ही बाजूंस दोन बंदरे तयार झाली. सिकंदर इ. स. पू. ३२३ मध्ये वारला. त्याचा सेनापती टॉलेमी ह्याने इजिप्त आपल्याकडे ठेवले आणि त्याच्या घराण्याने सुमारे तीनशे वर्षे राज्य केले. फारोस बेटावरील शंभर मीटरांहून उंच असा दीपस्तंभ आणि विद्यापीठासारखे असलेले विद्वानांचे ‘म्यूझियम’ ही त्या काळची कामे होत. ‘संग्रहालय’ ह्या अर्थी जगभर रूढ झालेला शब्द ह्याच संस्थेच्या नावावरून आला आहे.

ह्या घराण्याची शेवटची राणी क्लिओपात्रा. इ. स. पू. ३१ मध्ये ॲक्टियमच्या आरमारी लढाईत तिचा व अँटनीचा पराभव झाला. पुढील वर्षी, म्हणजे इ. स. पू. ३० मध्ये, ऑक्टेव्हियन (पुढे ह्यालाच ऑगस्टस म्हणू लागले) अलेक्झांड्रियात शिरला आणि इजिप्त रोमचा प्रांत झाला. क्लिओपात्रेच्या मृत्यूच्या कथा मुलांना ठाऊक असतात. त्या येथे सांगत बसत नाही.

प्रांत झाला खरा. पण तो इतर प्रांतांसारखा नव्हता. मोठमोठ्या प्रांतांवर रोमन सिनेटचे सभासद सुभेदार म्हणून जात. इजिप्तवर मात्र ऑगस्टसने त्यांच्याहून खालच्या दर्जाचा, म्हणजे अश्वारोही वर्गातील अधिकारी नेमला. त्याला प्रिफेक्ट म्हणत. एवढेच नव्हे, तर बादशहाच्या परवानगीवाचून सिनेटच्या कोणाही सभासदाने इजिप्तमध्ये पाऊल ठेवू नये असा दंडक घातला. इ. स. १९ मध्ये राजघराण्यातीलच जर्मेनिकस परवानगी न घेता अलेक्झांड्रियास गेला, तेव्हा बादशहा टायबेरियसने त्याबद्दल उघड नाराजी दाखविली. इतका संशय कशासाठी? उत्तर एका शब्दात देता येते : गहू. रोमची लोकसंख्या प्रचंड होती आणि तिच्या पोटाला लागणाऱ्या धान्याचा मोठा भाग इजिप्तमधून येई. जोसेफस हा पहिल्या शतकातील इतिहासकार म्हणतो की, वर्षातील चार महिने रोम इजिप्तच्या धान्यावर जगे. ज्याच्या हाती अलेक्झांड्रियाचे बंदर, त्याच्या हाती रोमची भाकरी. इ. स. ६९ मध्ये गादीसाठी चौघांत झुंज लागली, तेव्हा व्हेस्पेझियनच्या नावाची पहिली द्वाही १ जुलै रोजी अलेक्झांड्रियातच फिरली आणि तेथील प्रिफेक्टाने सैन्याकडून त्याच्या नावाने शपथ घेवविली. गादी कोणाला मिळाली हे सांगावयास नकोच.

हा गहू पिकत कसा होता, हे वर्गात अवश्य समजावून द्यावे. कारण पावसाकडे डोळे लावून बसणाऱ्या आपल्या मुलांना त्यातील फरक चटकन उमगतो. इजिप्तमध्ये पाऊस जवळजवळ नाहीच. दूर दक्षिणेकडील डोंगरांत पाऊस पडे, जूनअखेर नाईलला पाणी चढू लागे, ऑगस्ट-सप्टेंबरात शेते पाण्याखाली जात आणि पाणी ओसरले की गाळाच्या ओलीवर पेरणी होई. एप्रिल-मे महिन्यांत सुगी. पाणी किती चढले हे मोजण्यासाठी नदीकाठी दगडी पायऱ्यांवर खुणा कोरलेल्या असत. प्लिनीने दिलेल्या हिशेबाप्रमाणे १२ हात पाणी म्हणजे दुष्काळ, १३ हात म्हणजे तरीही उपासमारच, १४ हातांना हायसे वाटावे, १५ हातांना निश्चिंत व्हावे आणि १६ हातांना आनंदीआनंद. धरणांच्या पाण्याचे आकडे आपल्या वर्तमानपत्रांत पावसाळ्यात येतात, ते आपणही असेच वाचतो.

धान्य मळ्यावर आले की सरकारचा वाटा आधी निघे. खाजगी जमिनीवर सुमारे २७ गुंठ्यांमागे तीसेक किलो गहू हा साधारण दर असे. सरकारी जमीन कसणाऱ्या कुळाला ह्याच्या कित्येक पट द्यावे लागे. बी सरकारकडून उसने मिळे आणि सुगीला परत करावे लागे. धान्य गावच्या सरकारी कोठारात जमा होई, तेथून गाढवांवर नदीच्या धक्क्यावर, तेथून नावेने अलेक्झांड्रियाच्या कोठारांत. वाटेत माती-खडे मिसळले जाऊ नयेत म्हणून धान्याबरोबर मोहोर केलेले नमुन्याचे लहान मडके पाठवीत. राजधानीत मडक्यातील धान्य आणि नावेतील धान्य ताडून पाहत. अलेक्झांड्रियाहून पुढे मोठी जहाजे इटलीस निघत. जाताना वारा विरुद्ध असल्यामुळे महिना-दोन महिने लागत; येताना हेच अंतर दोन-तीन आठवड्यांत काटले जाई. शाळेच्या पटांगणावर फक्कीने नाईल, समुद्र आणि इटली काढून, गव्हाचे दाणे हाती दिलेल्या मुलांना गावातून रोमपर्यंत चालत न्यावे. हा पाठ मुले विसरत नाहीत, हा माझा अनुभव आहे.

आता शहराकडे पाहू. ऑगस्टसच्या काळी स्ट्रॅबो नावाचा भूगोलज्ञ तेथे राहून गेला. त्याने रुंद, सरळ, एकमेकांस काटकोनात छेदणाऱ्या रस्त्यांचे वर्णन केले आहे. शहराचे पाच भाग होते आणि त्यांना ग्रीक वर्णमालेतील पहिल्या पाच अक्षरांची नावे होती. वस्ती पाच लाखांच्या आसपास असावी असा अंदाज केला जातो. काच, तागाचे कापड, सुगंधी द्रव्ये आणि लव्हाळ्यासारख्या पाणवनस्पतीपासून केलेला पपायरस कागद हे तेथील उद्योग. ग्रीक, ज्यू, इजिप्शियन अशी मिश्र वस्ती असे. गमतीची गोष्ट म्हणजे रोमन दफ्तरात ह्या शहराचा उल्लेख ‘इजिप्तलगतची अलेक्झांड्रिया’ असा होई. राजधानी इजिप्तची; पण ती इजिप्तमध्ये आहे असे म्हणावयास कोणी तयार नसे. अलेक्झांड्रियाचा नागरिक डोईपट्टीतून मुक्त होता, खेड्यातील शेतकरी नव्हता. हा भेद पुढील सगळ्या गोष्टींच्या मुळाशी आहे.

येथे आपल्या मुलखाचाही थोडा संबंध येतो. अलेक्झांड्रियाहून माल नाईलने कॉप्टोसपर्यंत, तेथून बारा दिवस उंटांवरून वाळवंटातून बेरेनिके बंदरास आणि तेथून मोसमी वाऱ्यावर भारतात जाई. स्ट्रॅबोच्या काळी एकट्या मायोस हॉर्मोस बंदरातून वर्षाला १२० जहाजे भारताकडे निघत. पहिल्या शतकातील एका ग्रीक प्रवासपुस्तिकेत सोपारा, कल्याण, पैठण आणि तेर (तेव्हाचे तगर) ही गावे आली आहेत. दुसऱ्या शतकात अलेक्झांड्रियात बसून टॉलेमी ह्या ज्योतिर्विदाने जो भूगोल लिहिला, त्यात पैठण ही सातवाहन राजा पुळुमावीची राजधानी म्हणून नोंदविलेली आहे. आलेल्या मालावर रोमन सरकार २५ टक्के जकात घेई. बेरेनिकेच्या उत्खननात एका भारतीय रांजणात साडेसात किलो काळी मिरी सापडली, आणि २०२२ साली तेथेच बुद्धाची मूर्ती मिळाली. पैठण-तेर परिसरातील शिक्षकांनी हा धागा जरूर वापरावा.

पण मी ज्यासाठी हा विषय घेतला ती गोष्ट राजधानीत नाही, खेड्यात आहे.

दर चौदा वर्षांनी घरोघर शिरगणती होई. कुटुंबप्रमुखाने घरातील माणसे, त्यांची वये आणि ओळखीची खूण (डाव्या गुडघ्यावर व्रण, कपाळावर व्रण) लिहून द्यावयाची. मुलगा चौदा वर्षांचा झाला की त्याच्यावर डोईपट्टी लागू होई. फायूम भागात खेडुतास ती वर्षाला ४० द्राख्मा पडे. म्हणजे मजुराची महिन्याभराची तरी कमाई. पूर कमी आला तरी डोई तीच आणि पट्टीही तीच. जे देऊ शकत नसत, ते गाव सोडून परागंदा होत, आणि त्यांचा बोजा मागे राहिलेल्यांवर पडे. इ. स. १०४ मध्ये प्रिफेक्ट व्हिबियस मॅक्झिमस ह्याने, शिरगणतीसाठी सर्वांनी आपापल्या घरी परतावे, असा हुकूम काढला होता. तो कागद आज उपलब्ध आहे.

ह्या सगळ्या याद्या कोण तयार करी? गावकारकून. आपल्याकडील जुन्या कुलकर्ण्याचे आणि हल्लीच्या तलाठ्याचे काम मिळून त्याचे काम होते. दफ्तराची भाषा ग्रीक. गावातील बहुतेकांची भाषा इजिप्शियन. म्हणून साधा अर्ज करावयाचा तरी लिहून देणारा गाठावा लागे, आणि अर्जाच्या तळाशी ‘अमक्यास अक्षरे येत नाहीत म्हणून तमक्याने लिहिले’ असा शेरा पडे. इ. स. १८४ ते १८७ ह्या काळात टॉलेमाइस हॉर्मू आणि आसपासच्या गावांवर पेताउस नावाचा गावकारकून होता. तो मूळचा करानिस गावचा. नेमणूक मात्र परगावी. त्याचे दफ्तर सापडले आहे. त्यात एक कागद असा आहे की, तो पाहून प्रथम हसू येते. पेताउसने त्यावर एकच वाक्य बारा वेळा गिरविले आहे : ‘पेताउस गावकारकून, सादर केले’. चार-पाच ओळी ठीक जातात. मग शेवटल्या क्रियापदाचे पहिले अक्षर गळते. त्यानंतरच्या ओळी तो कित्त्याकडे न पाहता स्वतःच्याच आधीच्या ओळीकडे पाहून लिहितो, आणि ते गळलेले अक्षर शेवटपर्यंत परत येत नाही.

गावकारकुनाला वाचता येत नव्हते! वरची कामे त्याचा भाऊ थेऑन आणि इतर लेखनिक करीत असावेत. हा फक्त सही करी. आणि आता पुढचे ऐका. शेजारच्या तमाइस गावच्या इस्किरिऑन नामक गावकारकुनाविरुद्ध तक्रार आली की, तो निरक्षर आहे, सबब पदास नालायक आहे. चौकशीत पेताउसने उत्तर दिले : तो निरक्षर नाही, कारण तो कागदांवर सही करतो.

हे उत्तर मी पहिल्यांदा वाचले तेव्हा हसलो, आणि नंतर बराच वेळ गप्प बसलो. प्रौढ साक्षरता वर्गांच्या तपासणीस मी कित्येक वर्षे जात आहे. २०२२ पासूनच्या नव भारत साक्षरता कार्यक्रमातही आपणांपैकी अनेकांनी काम केले आहे. एकदा एका गावी वर्गातील सर्व बायांनी माझ्यासमोर हजेरीपटावर सह्या केल्या, आणि मी समाधानाने शेरा लिहिला. निघताना त्यांतील एका आजींनी हळूच आपल्या बचत गटाचे पासबुक पुढे केले व म्हणाल्या, “साहेब, ह्यात किती शिल्लक आहे ते वाचून सांगता का?” माझा शेरा तोपर्यंत लिहून झाला होता. मी तो खोडला नाही. ती लाज मला अजून वाटते. पेताउसची चूक अशी की, सही म्हणजेच अक्षरज्ञान असे त्याने प्रामाणिकपणे मानले. माझी त्याहून वाईट, कारण मला फरक ठाऊक होता.

शाळा होत्या काय? होत्या. पण सरकारने गावोगाव काढलेल्या नव्हत्या. ज्याला ऐपत त्याने मुलास मास्तराकडे धाडावे. मुलांचे कित्ते आज शेकड्यांनी उपलब्ध आहेत. कागद महाग, म्हणून फुटक्या मडक्यांच्या खापऱ्यांवर बोरूने आणि मेण लावलेल्या लाकडी पाट्यांवर टोकदार काडीने लेखन चाले. आधी अक्षरे, मग आपल्या बाराखडीसारखी व्यंजन-स्वरांची जोडणी, मग नावे, मग सुवचने. वरच्या ओळीत मास्तरांचे वळणदार अक्षर आणि खाली मुलाची उतरत जाणारी ओळ, हे दृश्य आपणांपैकी कोणास नवे नाही. एका पाटीवर, अभ्यास कर, नाहीतर फटके बसतील, ह्या अर्थाचे वाक्य मुलाने अनेकदा गिरविले आहे. ती पद्धत आता कायद्याने बंद आहे, आणि ते योग्यच झाले.

मास्तरांची स्थिती कशी होती, हे लोलियानस ह्या ऑक्सिरिंकसच्या शिक्षकाच्या अर्जावरून दिसते. हा नगराने नेमलेला सार्वजनिक व्याकरणशिक्षक. इ. स. २५३ ते २६० च्या दरम्यान त्याने थेट व्हॅलेरियन आणि गॅलिएनस ह्या बादशहांकडे अर्ज केला की, ठरलेला पगार क्वचितच मिळतो. मिळतो तेव्हा रोख पैशांऐवजी आंबलेली द्राक्षदारू आणि किडलेले धान्य मिळते. तरी ह्याऐवजी नगराच्या मालकीची, ६०० द्राख्मा उत्पन्न देणारी बाग मला लावून द्यावी, म्हणजे मुलांकडे लक्ष देण्यास सवड होईल. दरबारातील एका स्नेह्यासही त्याने ह्यासंबंधी पत्र धाडले. माझ्या नोकरीच्या आरंभी चार महिने पगार थकला होता, आणि मीही एका ओळखीच्या गृहस्थास असेच पत्र लिहिले होते; पण बाग मागण्याचे मला सुचले नाही.

ह्याच्या जोडीला दुसरे एक पत्र ठेवतो. दुसऱ्या शतकात फायूममधील फिलाडेल्फिया गावचा अपिऑन नावाचा तरुण रोमन आरमारात भरती झाला व इटलीतील मायसेनम बंदरी पोहोचला. तेथून त्याने वडिलांस लिहिले : समुद्रात संकट आले होते, पण बचावलो, प्रवासखर्चाची तीन सोन्याची नाणी मिळाली, आता माझे नाव अँटोनियस मॅक्झिमस झाले आहे, माझे चित्र पाठवीत आहे, आणि आपण मला चांगले शिकविलेत, म्हणून लवकर वर चढेन अशी आशा आहे. ह्या मुलाला ज्यांनी अक्षरे गिरवावयास लावली, त्या मास्तरांचे नाव पत्रात नाही.

राजधानीचा उत्तरकाळ थोडक्यात सांगतो. ग्रीक व ज्यू वस्त्यांत इ. स. ३८ मध्ये भयंकर दंगे झाले, आणि ११५ ते ११७ च्या उठावानंतर तेथील मोठा ज्यू समाज जवळजवळ नाहीसा झाला. नगरसभा मिळावी म्हणून शहर दोनशे वर्षे विनंत्या करीत होते. ती सेप्टिमियस सेव्हेरसने इ. स. २०० च्या सुमारास दिली. कॅराकॅलाने २१५ मध्ये तेथे कत्तल केली, आणि शेतकऱ्यांनी शहरात राहू नये, आपल्या गावी परत जावे, असा हुकूमही काढला. २७० नंतर पाल्मायराच्या सैन्याने शहर काही काळ घेतले. २९७-९८ मध्ये बंड मोडण्यासाठी डायोक्लीशियनने वेढा घातला. त्याच्या नावाने उभारलेला तांबड्या दगडाचा सुमारे २७ मीटर उंच स्तंभ आजही उभा आहे. ३३० मध्ये कॉन्स्टँटिनोपल नवी राजधानी झाली आणि नाईलचा गहू रोमऐवजी तिकडे जाऊ लागला. ३६५ मध्ये समुद्राची प्रचंड लाट शहरावर आली. ३९१ च्या सुमारास सेरापिसचे मंदिर उद्ध्वस्त झाले, ४१५ मध्ये गणित शिकविणाऱ्या हिपेशिया ह्या विदुषीस जमावाने ठार मारले. दरम्यान खेड्यांत एक शांत बदल घडत होता : इजिप्शियन भाषा ग्रीक अक्षरांत, सहा-सात जुनी चिन्हे जोडून, लिहिली जाऊ लागली. हीच कॉप्टिक लिपी. शेतकऱ्याची बोली अखेर त्याला शिकता येईल अशा अक्षरांत उतरली. ६४१-४२ मध्ये अरबांनी प्रांत घेतला आणि राजधानी नाईलकाठी फुस्तात येथे गेली.

अलेक्झांड्रियाची हवा दमट असल्यामुळे राजधानीचे स्वतःचे दफ्तर जवळजवळ सगळे कुजून गेले. खेड्यांचे मात्र वाळवंटाच्या कोरड्या वाळूत टिकले. ग्रेनफेल आणि हंट ह्या दोघा इंग्रज विद्वानांनी १८९६-९७ च्या हिवाळ्यात ऑक्सिरिंकसचे जुने उकिरडे खणावयास घेतले आणि १९०७ पर्यंत तेथून सुमारे पाच लाख तुकडे बाहेर काढले. त्यांच्या प्रकाशनाचे काम अजून चालू आहे. ऐंशीहून अधिक खंड निघाले आहेत. रुसलेल्या थेऑनचे पत्र पहिल्याच खंडात, १८९८ साली छापले गेले. ते अलेक्झांड्रियात नव्हे, तर मुलाच्या स्वतःच्या गावच्या उकिरड्यात मिळाले. म्हणजे एक तर ते पाठविलेच गेले नाही, किंवा बापाने ते जपून घरी परत आणले.